काळयंत्राचा दांडा कोणाच्या हातात?

(तरुण कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात केलेले भाषण)



मी आज टाइम मशीनवर बोलणार हे कळल्यावर आपल्यातलाच एक जण मला जिन्यात म्हणाला, "काय राव, इथं पोरांना नोकऱ्या नाहीत, खोलीचं भाडं थकलंय, आणि तुम्ही साहेबाच्या परीकथा सांगणार?" चुकीचं नाही बोलला तो. मी म्हटलं, पुढच्या रांगेत बस आणि शेवटी हाच प्रश्न परत विचार. तो बसलाय. तेव्हा मला जपून बोलावं लागणार.

काळात मागेपुढे नेणारं यंत्र आजपर्यंत कोणी बनवलेलं नाही. ते फक्त पुस्तकात आणि सिनेमात आहे. पण नसलेलं यंत्र कागदावर उभं करताना लेखक त्यात कोणाला बसवतो, कोणाला खाली ठेवतो, तेल कोणाकडून घालून घेतो, हे सगळं आजूबाजूच्या समाजातूनच उचलतो. यंत्र खोटं असतं, त्याच्याभोवतीची माणसं खरी असतात. आज मला एवढंच बघायचंय: या यंत्राचा दांडा कोणाच्या हातात आहे? आणि ज्याच्या हातात दांडा नाही त्याचं काय होतं?

सुरुवात एच. जी. वेल्सपासून करू. त्याची 'द टाइम मशीन' ही लहानशी कादंबरी १८९५ साली लंडनात छापली गेली. त्याच्या आधी काळात उड्या मारणाऱ्या गोष्टी नव्हत्या असं नाही. मार्क ट्वेनचा अमेरिकन माणूस १८८९ साली डोक्यात फटका बसून थेट राजा आर्थरच्या जमान्यात पोचला होता. एन्रिके गास्पार नावाच्या स्पॅनिश लेखकाने तर १८८७ सालीच काळात जाणारं यंत्र लिहिलं होतं. पण 'टाइम मशीन' हा शब्द जगाच्या तोंडी बसवला तो वेल्सने. आणि यंत्र म्हटलं की मालक आला, कारागीर आला, तेलपाणी करणारा आला. जादूला यातलं काही लागत नाही.

यंत्र कसं आहे ते ऐका. निकेलच्या दांड्या, हस्तिदंताचे भाग, स्फटिक घासून काढलेल्या कांड्या. मधे बसायला सायकलसारखी सीट. दोन दांडे, एक ओढला की पुढे, दुसरा ओढला की मागे. समोर तबकड्या, एकीवर दिवस, दुसरीवर हजार दिवस, तिसरीवर दहा लाख, चौथीवर शंभर कोटी. सुबक काम आहे. पण हस्तिदंत काही लंडनच्या बागेत उगवत नाही. इंग्रजाच्या कपाटात तो कुठून आला हे आपल्याला कोणी शिकवायला नको.

हे यंत्र उभं आहे लंडनजवळच्या रिचमंडमध्ये, एका सुखवस्तू गृहस्थाच्या घरच्या प्रयोगशाळेत. गृहस्थाला पुस्तकात नाव नाही, नुसता 'कालप्रवासी'. दर गुरुवारी त्याच्याकडे मित्र जेवायला जमतात. डॉक्टर, संपादक, मानसशास्त्रज्ञ, एका गावाचा मेयर. जेवण झालं की सिगार, शेकोटी आणि गप्पा: काळ ही चौथी मिती आहे की नाही? पोट भरलेलं असलं की मिती मोजायला बरं असतं.

यंत्र पुरं व्हायला उशीर का झाला? एक निकेलची दांडी नेमकी एक इंच आखूड निघाली. ती परत करून घ्यावी लागली. कोणाकडून? ते पुस्तक सांगत नाही. एका ओळीत विषय मिटला. साला, लाखो वर्षांचा प्रवास एका इंचावर अडला होता, आणि तो इंच भरून देणाऱ्या कारागिराचं नाव नाही, गाव नाही, मजुरी नाही. इथं फिटरचं काम करणारे किती जण बसलेत? हात वर करा. बघा. या पुस्तकात आपली माणसं त्या एका इंचात आहेत.

अजून एक जागा दाखवतो. कालप्रवासी यंत्रावर बसतो, दांडा ओढतो. यंत्राच्या वेगाचा पहिला पुरावा त्याला कशावरून मिळतो? घरकाम बघणारी बाई खोलीतून चालत जाते. तिला एखादं मिनिट लागत असेल. पण त्याला ती रॉकेटसारखी सणकन गेलेली दिसते. सगळं भविष्य फिरून तो परत येतो तेव्हा तीच बाई उलट्या पावलांनी मागे जाताना दिसते. म्हणजे जाताना मोजपट्टी ती, येताना मोजपट्टी तीच. पुढची लाखो वर्षं तिच्या मालकाने बघितली. तिने फक्त खोली ओलांडली.

आता वेल्सचा जन्म कोणाच्या पोटी झाला ते सांगतो. त्याची आई अशीच घरकाम बघणारी बाई होती. ससेक्स परगण्यात अपपार्क नावाचा जमीनदारी वाडा आहे, तिथे ती १८८० ते १८९३ हाऊसकीपर होती. बापाचं चिनीमातीच्या भांड्यांचं दुकान, ते काही धड चालत नव्हतं. पोराला कापडदुकानात उमेदवारीला टाकलं. पोरगा तिथून निसटला, शिष्यवृत्तीवर लंडनला गेला, टी. एच. हक्सलेच्या हाताखाली जीवशास्त्र शिकला. त्या अपपार्कच्या वाड्याला जमिनीखालून भुयारं आहेत. स्वयंपाकघर, तबेला आणि वाडा यांना जोडणारी. नोकरांनी त्यातून ये-जा करायची, म्हणजे हिरवळीवर बसलेल्या मालकिणीच्या नजरेला नोकर पडायला नको. गरम जेवण वर टेबलावर यावं, पण ते घेऊन येणारा माणूस दिसू नये. समजलं ना? सावलीचा विटाळ मानणारे फक्त आपल्याच मुलखात होते असं कोणी समजू नये. तिथे जात नव्हती, पण न दिसण्याची सक्ती होती.

हे भुयार वेल्स विसरला नाही. त्याचा कालप्रवासी पोचतो इसवी सन ८०२७०१ मध्ये. वर ऊन, फुलं, मोडकळीला आलेले वाडे, आणि इलॉय नावाची चार फुटी नाजूक माणसं. काम करत नाहीत, फळं खातात, खेळतात, अंधाराला भयंकर भितात. आधी याला वाटतं, वा, सुखी समाज! मग विहिरीसारखे खड्डे दिसतात. त्यातून यंत्रांचा धडधड आवाज येतो. खाली मॉरलॉक राहतात. पांढुरके, मोठ्या डोळ्यांचे, उजेड न सोसणारे. वरच्यांना लागणारं सगळं तेच पुरवतात. आणि रात्री वर येऊन वरच्यांनाच उचलून नेतात. खायला.

हे कसं झालं? कालप्रवासी हिशोब मांडतो, आणि तो हिशोब त्याच्या स्वतःच्या लंडनपासून सुरू होतो. लंडनात जमिनीखालून आगगाडी १८६३ सालीच सुरू झाली होती, विजेवरची भुयारी गाडी १८९० साली. कारखाने, खानावळी तळघरात चालल्या होत्या. मालक वर, मजूर खाली. शिक्षण वेगळं, लग्नं आपापसात, हवासुद्धा वेगळी. हेच लाखो वर्षं चालू ठेवा. माणसाच्या दोन जाती होतील. मी जाती म्हणतो ते प्राणिशास्त्राच्या अर्थाने. दुसऱ्या अर्थाने आपल्याकडे त्या कधीच्याच करून ठेवल्यात, त्यासाठी आठ लाख वर्षं थांबावं लागलं नाही.

इथपर्यंत वेल्स माझा माणूस आहे. काळयंत्राला त्याने जे काम लावलं ते मोठं आहे. राजवाडे बघायला, खजिना शोधायला त्याने यंत्र पाठवलं नाही. आजचा अन्याय ताणत नेला तर त्याचा शेवट काय होईल, हे बघायला पाठवलं.

पण पुढे गडी कच खातो. भुयारातली माणसं त्याने राक्षस करून टाकली. कालप्रवाशाचा जीव लागतो तो इलॉयवर, वीना नावाच्या मुलीवर. कारण इलॉय माणसासारखे दिसतात. मॉरलॉक दिसले की त्याला शिसारी येते, कधी एकदा एखाद्याला ठेचतो असं होतं. हिरव्या पोर्सिलीनचं एक जुनं संग्रहालय त्याला सापडतं. तिथे पुस्तकं कुजून गेलीयत. हा तिथल्या एका यंत्राचा दांडा मोडून घेतो आणि त्याचा सोटा करतो, मॉरलॉकांची डोकी फोडायला. काय गंमत बघा: जो दांडा यंत्र चालवायचा, तोच कष्टकऱ्याच्या टाळक्यात.

आणि तरीही पुस्तकात एक ओळ राहून गेलीय. माझ्या मते ती सगळ्यात महत्त्वाची. कालप्रवासी पोचल्या पोचल्या यंत्राचे दोन्ही दांडे काढून खिशात घालतो. मालकच तो, विश्वास कोणावर ठेवणार? मग मॉरलॉक यंत्र पळवतात, एका मोठ्या पुतळ्याच्या चौथऱ्यात लपवतात. शेवटी यंत्र परत मिळतं तेव्हा काय दिसतं? त्याला नीट तेल घातलंय. पुसून लख्ख केलंय. त्यालाही संशय येतो, यांनी ते थोडं खोलून बघितलं असावं, समजून घ्यायचा प्रयत्न केला असावा. इलॉयनी ते यंत्र सुरुवातीला नुसतं हाताने चाचपून पाहिलं होतं. त्या सबंध जगात यंत्राची कदर असलेले फक्त मॉरलॉक! त्यांना ते खोलता आलं, साफ करता आलं, बंद करून ठेवता आलं. चालवता आलं नाही, कारण दांडे साहेबाच्या खिशात होते.

मी ही जागा वाचली तेव्हा पुस्तक मिटून बसलो. म्हटलं, ही गोष्ट त्या तेल घालणाऱ्याच्या तोंडून कोण लिहील?

*

मधला बराच काळ मी झपाट्याने ओलांडतो. विसाव्या शतकात काळयंत्रांचं पीक आलं. एकच नमुना देतो, कारण तो तुमच्यापैकी पुष्कळांनी पाहिलाय. 'बॅक टू द फ्युचर', १९८५ चा अमेरिकन सिनेमा. इथे यंत्र म्हणजे डिलोरियन मोटार. ताशी ८८ मैलांचा वेग घेतला की काळ फुटतो. मार्टी नावाचा गोरा पोरगा १९८५ मधून १९५५ मध्ये जातो. सिनेमा मजेदार आहे, मीही हसलो. पण दोन जागी हसू अडकलं. १९५५ च्या एका हॉटेलात एक काळा पोरगा झाडू मारतोय. पुढे तो गावचा मेयर होणार असतो. मेयर होण्याची कल्पना त्याच्या डोक्यात कोण घालतं? मार्टी. शेवटी मार्टी स्टेजवर गिटार घेऊन 'जॉनी बी. गुड' वाजवतो. हे गाणं खऱ्या जगात चक बेरी या काळ्या कलावंताचं, १९५८ सालचं. सिनेमात काय होतं? बँडमधला काळा वादक आपल्या भावाला, चकला, फोन लावून हे नवं संगीत ऐकवतो. संपलं! दोन मिनिटांत काळ्या माणसाची निर्मिती गोऱ्या पोराच्या खात्यावर जमा. गंमत म्हणून केलं असेल. पण दांडा ज्याच्या हातात, तो गमतीगमतीत काय काय उचलून नेतो ते बघा. हेतू वाईट असावाच लागतो असं नाही.

*

आता मी ज्या पुस्तकासाठी उभा आहे त्याच्याकडे येतो. 'किंड्रेड', १९७९. लेखिका ऑक्टेव्हिया बटलर. कॅलिफोर्नियातल्या पॅसाडिनाची काळी बाई, जन्म १९४७. बाप बूटपॉलिश करायचा, तो लहानपणीच गेला. आई गोऱ्यांच्या घरी धुणीभांडी, साफसफाई करायची. स्वतः बटलरबाईंनी भांडी घासली, फोनवरून माल विकला, कारखान्यात बटाट्याचे वेफर तपासले, आणि पहाटे उठून लिहिलं. २००६ साली त्या गेल्या.

अमेरिकेतल्या काळ्यांचा आणि आपला संबंध काय, असं इथं कोणी विचारणार नाही. महात्मा फुल्यांनी १८७३ साली 'गुलामगिरी' अर्पण केली ती अमेरिकेत गुलामांना मुक्त करण्यासाठी झटलेल्या लोकांना. १९७२ साली मुंबईत आपल्या पोरांनी 'पँथर' हे नाव घेतलं ते कॅलिफोर्नियातल्याच ओकलंडमध्ये १९६६ साली निघालेल्या ब्लॅक पँथरवरून. तेव्हा ओळख जुनी आहे.

'किंड्रेड'मध्ये यंत्र नाही. निकेल नाही, मोटार नाही, तबकडी नाही. बाई स्वतःच म्हणायच्या की हे विज्ञानकथेचं पुस्तक नव्हे, यात विज्ञान नाहीच. डाना नावाची काळी तरुणी, लेखिका. ९ जून १९७६ हा तिचा सव्विसावा वाढदिवस. नवऱ्याबरोबर नव्या घरात पुस्तकं लावतेय. चक्कर येते, आणि ती एका नदीकाठी पडते. एक गोरा पोरगा बुडतोय. ती त्याला वाचवते. पोराचा बाप येऊन तिच्यावरच बंदूक रोखतो. जीव जाणार असं वाटताच ती परत आपल्या घरात. दुसऱ्या खेपेला तिला कळतं, हे मेरीलँड आहे, साल १८१५, आणि पोरगा एका गुलाममालकाचा मुलगा आहे. रूफस वेलिन.

नियम दोनच. रूफसचा जीव धोक्यात आला की डाना खेचली जाणार. डानाला स्वतःच्या मरणाची भीती वाटली की ती परत फेकली जाणार. कधी जायचं ते मालक ठरवणार, कधी यायचं ते भीती ठरवणार. तिच्या हातात दांडा नाहीच. वेल्सच्या गृहस्थासारखं खिशात घालायलासुद्धा काही नाही. वेल्सने यंत्र कशाचं केलं ते सांगितलं. बटलरबाईंनी यंत्र दाखवलं नाही, पण ते आहे. ते गुलामगिरीचं नातंच आहे. मालकाने हाक मारली की जावं लागतं.

आणि खरी मेख पुढे आहे. हा रूफस तिचा पूर्वज निघतो. घरच्या जुन्या बायबलात नोंद आहे: हेगर, जन्म १८३१. रूफस आणि ॲलिस नावाच्या काळ्या बाईची मुलगी. हेगर जन्मेपर्यंत रूफस जगला पाहिजे, नाहीतर डानाच नाही. म्हणजे आपल्या माणसांचा छळ करणाऱ्याचा जीव पुन्हा पुन्हा वाचवायचा. एवढंच नाही. ॲलिस स्वतंत्र जन्मलेली; गुलाम नवऱ्याला पळून जायला मदत केली म्हणून तिला गुलाम करतात, नवऱ्याचे कान कापून त्याला दूर मिसिसिपीला विकतात. रूफसला ॲलिस हवी आहे. तो डानाला म्हणतो, तिला समजाव, नाहीतर मारून मुटकून नेईन. आणि आपली १९७६ सालची शिकलेली, ताठ मानेची डाना ॲलिसकडे जाते. निरोप सांगते. तुम्ही असता तर काय केलं असतं? घाईने उत्तर देऊ नका.

तिचा नवरा केव्हिन गोरा आहे. माणूस चांगला. एका खेपेला तोही तिला धरून मागे जातो. तिथे दोघांना मालक-गुलाम असं सोंग करावं लागतं. थोड्या दिवसांनी केव्हिन म्हणतो, हा काळ राहायला काय मस्त असेल, पश्चिमेकडे जाऊन देश उभा राहताना बघावा. डाना त्याला आठवण देते, तिकडे हेच सगळं इंडियनांवर चाललंय. एकच काळ, एकच खोली. त्याला सहल दिसते, तिला चाबूक. केव्हिन वाईट नाही. पुढे तो पाच वर्षं तिथे अडकतो, पळणाऱ्या गुलामांना मदत करतो, वळ घेऊन परत येतो. पण भूतकाळात हिंडावंसं वाटणं हीसुद्धा एक चैन आहे. आपल्याकडे कोणी 'जुना काळ किती छान' म्हणाला की मी त्याला एवढंच विचारतो, त्या काळात तुमचं घर गावाच्या कुठल्या बाजूला होतं?

ती शहाणी होत जाते. पिशवी भरते आणि ती अंगाला बांधूनच झोपते. चाकू, कपडे, साबण, ॲस्पिरिन. गुलामगिरीच्या इतिहासाचं एक पुस्तकही नेते. रूफसच्या हाती ते लागतं, आणि ते तिला स्वतःच्या हाताने जाळावं लागतं. नायजेल नावाच्या पोराला लपून वाचायला शिकवते, पकडली जाते, चाबकाने सोलून निघते.

शेवटी ॲलिस गळफास घेते. पोरं विकली असं रूफस तिला खोटंच सांगतो, म्हणून. मग रूफस डानाकडे वळतो. ती चाकू चालवते. रूफस मरतो, पण मरताना त्याने तिचा दंड धरलेला असतो. डाना घरी परतते तेव्हा तो हात भिंतीत रुतलेला. जिथे त्याची पकड होती तिथून डावा हात गेला. तारीख ४ जुलै १९७६. अमेरिका स्वातंत्र्याची दोनशे वर्षं साजरी करत होती.

इकडे जेमतेम पंचवीस दिवस गेले होते, तिकडे एका पोराचं अख्खं आयुष्य.

*

हे पुस्तक बाईंनी का लिहिलं? कारण ऐका, ते आपल्यासाठीच आहे. त्या कॉलेजात होत्या तेव्हा एक काळा तरुण भेटला. चळवळीतला, वाचलेला, आपला इतिहास पाठ असलेला. तो म्हातारी पिढी आपल्याला मागे ठेवते म्हणून चिडायचा. म्हणायचा, या सगळ्यांना संपवावंसं वाटतं. पण नाही जमणार, सुरुवात आपल्याच आईबापापासून करावी लागेल. बाईंना तो गप्प करता आला नाही. पण त्यांना आपली आई आठवली. मागच्या दाराने गोऱ्यांच्या घरात शिरणारी, तिच्या तोंडावर तिच्याबद्दल वाटेल ते बोललं तरी न ऐकल्यासारखं करणारी. लहानपणी बाईंना आईची लाज वाटली होती. मोठेपणी उमगलं की त्या ऐकून घेण्यावरच आपलं पोट भरलं. त्या पोराला उत्तर म्हणून त्यांनी आजचं माणूस उचलून त्या काळात टाकलं. बघू, तू किती दिवस ताठ राहतोस!

पुस्तकात सारा नावाची स्वयंपाकीण आहे. मालकाचं घर तीच चालवते, मालकाला तोंडावर उलट बोलत नाही, पळून जाण्याचं नाव काढलं की कानावर हात ठेवते. डानाला आधी वाटतं, चळवळीच्या दिवसांत अशा बाईला लोक थुंकले असते. मग कळतं, साराची तीन पोरं मालकाने विकली. कशासाठी? मालकिणीला नवं फर्निचर हवं होतं. चौथी मुलगी कॅरी मुकी, तिला भाव आला नसता म्हणून राहिली. सारा त्या एका मुलीसाठी मान खाली घालून उभी आहे. आता थुंका बघू तिच्यावर.

मित्रांनो, मी तो पोरगा होतो. कॅलिफोर्नियातला नाही, इथला. एकोणीस वर्षांचा होतो, सभेतून घोषणा देऊन घरी आलो होतो. माझा आजा गावात येसकर होता. रात्रीची राखण, मेलेलं ढोर ओढणं, सरकारी टपाल घेऊन पुढच्या गावाला पळणं, आणि त्याबद्दल घरोघरची शिळी भाकर. पाटलापुढं जोहार. १९५८ च्या कायद्याने ती कनिष्ठ वतनं गेली, तोवर माझा बाप मुंबईला गोदीत हमालीला लागला होता. त्या रात्री मी बापाला म्हणालो, "तुम्ही आणि तुमचा बाप वाकलात म्हणून आम्हाला आज हे भोगावं लागतंय." बाप जेवत होता. काही बोलला नाही. ताट धुतलं, डबा घेतला आणि रातपाळीला गेला. आम्ही त्यावर पुन्हा कधीच बोललो नाही. तो गेला. मी 'किंड्रेड' वाचलं त्याला बरीच वर्षं झाली होती. साराचं प्रकरण वाचताना मला ते ताट धुतल्याचा आवाज ऐकू आला.

मी असं म्हणत नाही की वाकणं बरोबर होतं. जोहार हा जोहारच, आणि तो मोडला ते थोर झालं. ज्यांनी मोडला तेही त्याच घरांतून निघाले. बटलरबाईसुद्धा साराला देवी करत नाहीत. त्या फक्त विचारतात: ती जिवंत राहिली म्हणून तू आहेस, हे हिशोबात धरलंस का? माझा आजा एका रात्री पाटलाच्या अंगावर गेला असता तर गोष्ट शूर झाली असती, पण सांगायला मी नसतो. हे कबूल करायला मला वीस वर्षं लागली.

आणि दुसरी बाजूही विसरू नका. डाना शेवटी चाकू चालवते. सोसण्याला हद्द असते, आणि ती हद्द ज्याची त्यालाच कळते. किंमत तिने हाताने मोजली. ज्या भूतकाळात आपण मजुरीला होतो तिथून धडधाकट कोणी परत येत नाही. वेल्सचा गृहस्थ परत आला तेव्हा त्याने पहिल्यांदा मटण मागितलं. डाना परत आली ती थेट हॉस्पिटलात गेली. काळप्रवास या एका शब्दात हे दोन प्रवास बसत नाहीत.

आता पुढच्या रांगेतल्या मित्राला उत्तर. खोलीचं भाडं टाइम मशीनने फिटणार नाही, खरं आहे. पण तुझ्या घरात सत्तर-ऐंशी वर्षांचं एखादं माणूस आहे का? आहे म्हणतोस. ते यंत्र आहे. फार दिवस चालणार नाही, आणि दांडा तुझ्या हातात आहे. इतिहासाच्या पुस्तकात आपली माणसं अजून त्या एका इंचातच आहेत. निकेलची दांडी कोणी केली ते कोणीच लिहून ठेवलं नाही. आपणही नाही लिहिलं तर नंतर रडू नका.

म्हणून भाषण संपवण्याआधी काम सांगतो. पुढच्या बैठकीला प्रत्येकाने घरातल्या एका वडीलधाऱ्या माणसाची हकीकत दोन पानं लिहून आणायची. गावाचं नाव, साल, काम काय होतं, बदल्यात काय मिळालं, कोणापुढं वाकावं लागलं, कधी नाही वाकले. निकाल द्यायचा नाही. मधे आपलं भाषण घालायचं नाही. ते बोलतील तसं, त्यांच्या बोलीत.

मी माझ्या आईपासून सुरुवात केलीय. वही घेऊन बसलो तर म्हणाली, "हे कशाला आता?" मी म्हटलं, पाहिजे. मग म्हणाली, "आधी पंखा बंद कर, आवाज करतोय." पंखा बंद केला. रात्री दीडपर्यंत बोलत होती. माझ्या बापाला त्या रात्री काय वाटलं होतं, तेही तिने सांगितलं. ते मी दोन पानांत लिहिलंय. पुढच्या वेळी पहिल्यांदा तेच वाचीन, मग तुमचं ऐकीन.